पुसल्या गेलेल्या रेषा

(एका सार्वजनिक वाचनालयाच्या वार्षिक व्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचे शब्दांकन)



व्याख्यानमालेची पत्रिका हाती पडल्यावर माझ्या नावापुढचा विषय वाचून दोन-तीन स्नेह्यांनी मला दूरध्वनी केला. कालचे पुष्प दासबोधाचे, उद्याचे जलसंधारणाचे, आणि मधेच हे जपानी कार्टून कोठून उगवले, असा त्यांचा प्रश्न होता. प्रश्न रास्त आहे. मी दूरसंचार खात्यात बत्तीस वर्षे तारा, संदेश आणि संदेशातला खरखराट यांच्याशी झगडलो. चित्रकलेशी माझा संबंध नाही. तरीही या विषयाने गेली काही वर्षे माझा पिच्छा पुरविला आहे. तो का, हे सांगण्यासाठी आधी घरातला एक प्रसंग सांगतो.

माझ्या आजीचे एकच छायाचित्र आमच्या घरी होते. १९३०च्या दशकातले, कडा कुरतडलेले, एका कोपऱ्यात बुरशी धरलेले. आजीच्या चेहऱ्यावर देवीचे वण होते आणि ते छायाचित्रातही स्पष्ट दिसत. १९८५ च्या सुमारास माझ्या थोरल्या बंधूंनी ते मोठे करून घेण्यासाठी एका छायाचित्रकाराकडे दिले. आठ दिवसांनी सोनेरी चौकटीतले मोठे, स्वच्छ, गुळगुळीत चित्र घरी आले. बुरशी गेली होती, आणि वणही गेले होते. वडिलांनी बराच वेळ त्याकडे पाहिले आणि एवढेच म्हणाले, “फोटो छान आहे. पण ही माझी आई नव्हे.” मूळ प्रत परत मागितली, तेव्हा ती फारच जीर्ण होती म्हणून टाकून दिल्याचे कळले. काम करणाऱ्याचा हेतू वाईट नव्हता. त्याने मनापासून सुंदर करून दिले होते. आज आजीला प्रत्यक्ष पाहिलेले कोणीही हयात नाही आणि भिंतीवर ते गुळगुळीत चित्र आहे.

आता जपानकडे वळू.

जपानी ॲनिमेशनला जगभर ‘ॲनिमे’ म्हणतात. आपल्या घरांतील मुलांना ते चांगले परिचित आहे. वडीलधाऱ्यांना वाटते तेवढे ते आपल्यालाही अपरिचित नाही. १९९०च्या दशकात दूरदर्शनवर रविवारी सकाळी मोगलीची जी मालिका आपण मुलांसह पाहत होतो, ती ‘जंगल बुक’ मुळात जपानी होती. १९८९ साली निप्पॉन ॲनिमेशन या संस्थेने ती तेथील दूरचित्रवाणीसाठी तयार केली. आपल्याला आठवते ते तिचे हिंदी गीत, गुलजारांचे आणि विशाल भारद्वाजांचे. चित्रे मात्र तोक्योची.

ही चित्रे कशी तयार होत, हे थोडे सविस्तर सांगितले पाहिजे, कारण पुढचा सारा वाद त्यातच आहे. चित्रकार प्रथम कागदावर पेन्सिलीने रेखाटन करी. ते पारदर्शक ॲसिटेटच्या पत्र्यावर उतरविले जाई. या पत्र्याला ‘सेल’ म्हणतात. रेषा पुढच्या बाजूला आणि रंग मागच्या बाजूने भरलेले, म्हणजे रंग रेषेवर चढत नसे. मग हा सेल हाताने रंगविलेल्या पार्श्वभूमीवर ठेवायचा, वरून कॅमेऱ्याने एक चौकट टिपायची, सेल बदलायचा, पुढची चौकट टिपायची. चित्रपटात सेकंदाला २४ चौकटी असतात. दूरचित्रवाणीच्या मालिकांत खर्च वाचविण्यासाठी बहुधा एकच चित्र तीन चौकटी वापरत, म्हणजे सेकंदाला आठ चित्रे. ओसामू तेझुका यांच्या ‘ॲस्ट्रो बॉय’पासून, म्हणजे १९६३ पासून, ही काटकसर रूढ झाली आणि त्यातूनच एक स्वतंत्र शैली जन्माला आली.

दोन-तीन सेल एकमेकांवर ठेवले की पात्राच्या कडेला अगदी पुसट सावली पडे. दिव्याचा झोत, तलवारीची चमक, विजेचा लोळ दाखवायचा असेल तर काळ्या पत्र्याला भोके पाडून खालून खरा प्रकाश सोडत आणि त्याच फिल्मवर दुसऱ्यांदा चित्रण करीत. म्हणजे त्या काळच्या ॲनिमेतील चमक हा रंगविलेला पांढरा ठिपका नसे. तो प्रकाशच असे, फिल्मवर पसरलेला. आणि हे सर्व ज्या फिल्मवर उतरे, चित्रपटासाठी ३५ मिलिमीटर आणि मालिकांसाठी बहुधा १६ मिलिमीटर, तिचा स्वतःचा एक पोत असे. रंगीत फिल्ममधील रंगद्रव्याचे सूक्ष्म कण प्रत्येक चौकटीत वेगळ्या जागी बसतात. त्यामुळे स्थिर चित्रही पडद्यावर किंचित सजीव भासते, थरथरते.

मी आयुष्यभर ज्याला खरखराट म्हणत आलो, तोच हा, असे मला प्रथम वाटले होते. माझा भाचा पुण्यात संगणक अभियंता आहे. त्याने मला एकदा दोन चित्रे शेजारी-शेजारी दाखविली आणि विचारले, “मामा, कोणते चांगले?” मी अर्थातच स्वच्छ दिसणाऱ्याकडे बोट दाखविले. तो म्हणाला, “आता नायिकेच्या केसांकडे बघा.” स्वच्छ चित्रात केसांच्या निम्म्या रेषा नव्हत्या. वाऱ्याने उडणाऱ्या बटा कपाळापाशी सुरू होत होत्या आणि अधांतरी संपत होत्या.

हे का होते, ते ऐका. जुनी फिल्म नव्या तबकडीसाठी तयार करताना धूळ, ओरखडे आणि ते कण काढून टाकणारी यंत्रणा वापरली जाते. यंत्र लागोपाठच्या चौकटी एकमेकींशी ताडून पाहते. एका चौकटीत आहे आणि मागच्या-पुढच्या चौकटींत नाही, असे जे काही दिसेल ते धूळ, असा त्याचा समज असतो. छायाचित्रित चित्रपटात हा समज बराचसा चालून जातो. हाताने काढलेल्या चित्रात मात्र वेगाने हलणारी बारीक रेषासुद्धा नेमकी अशीच वागते. या चौकटीत येथे, पुढच्या चौकटीत दुसरीकडे. यंत्र तिला कचरा समजून झाडून टाकते. अमेरिकेतील जुन्या कार्टूनपटांच्या काही तबकड्यांतही हेच घडले आहे. चित्रकाराने रात्र जागवून काढलेली रेषा आणि निगेटिव्हवर बसलेला धुळीचा कण यांत त्या यंत्राला फरक करता येत नाही. आजीच्या चेहऱ्यावरचे वण आणि कागदावरची बुरशी यांत आमच्या छायाचित्रकाराला तो करता आला नव्हता.

‘ड्रॅगन बॉल झेड’ ही मालिका येथील तरुणांना माहीत असेल. १९८९ ते १९९६ या काळात जपानमध्ये तिचे २९१ भाग झाले. त्या काळचा दूरचित्रवाणीचा पडदा चारास तीन या प्रमाणाचा, जवळजवळ चौकोनी होता. पुढे रुंद पडद्याचे संच घरोघरी आले. २००७ साली अमेरिकेत निघालेल्या या मालिकेच्या संचात चित्र सोळास नऊ या प्रमाणात बसविण्यासाठी वरून आणि खालून कापण्यात आले. साधे गणित आहे: रुंदी तेवढीच ठेवून चारास तीनचे सोळास नऊ करायचे, तर उंचीचा पाव भाग जातो. पात्रांचे केस गेले, पाय गेले, चित्रकाराने योजलेले आकाश गेले. त्यावर रंग भडक करण्यात आले आणि कण पुसण्यात आले. जाहिरातीत याचे नाव होते पुनरुज्जीवन. जपानमध्ये मात्र २००३ साली मूळ फिल्मवरून काळजीपूर्वक केलेला संच निघाला होता, मूळ चौकटीसह. २०११ मध्ये अमेरिकेतही एकेक चौकट निगुतीने सुधारून ब्ल्यू-रे काढण्याचा एक चांगला प्रयत्न झाला. पण काम इतके खर्चिक आणि संथ ठरले की दोन खंडांनंतर ते थांबले. उत्तम काम बाजारात टिकले नाही, हे आपल्याला ओळखीचे वाटेल.

येथून चाहत्यांची गोष्ट सुरू होते.

चाहता म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर नटाच्या घरासमोर गर्दी करणारा माणूस येतो. मी सांगतो आहे ते चाहते वेगळे आहेत. कोणी दिवसा बँकेत काम करतो, कोणी विद्यार्थी, कोणी माझ्यासारखा निवृत्त अभियंता. जगाच्या निरनिराळ्या कोपऱ्यांत बसून ते एका मालिकेच्या मागे पाच-पाच वर्षे असतात. त्यांचे काम पाहून मला आपल्या भांडारकर संस्थेची आठवण होते. महाभारताची चिकित्सक आवृत्ती १९१९ साली सुरू झाली आणि १९६६ साली पूर्ण झाली. डॉ. सुकथनकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी बाराशेहून अधिक हस्तलिखिते गोळा केली, ताडून पाहिली, कोणता पाठ जुना आणि कोणता मागाहून शिरलेला याचा निवाडा केला, आणि टाकलेला पाठही तळटीपेत ठेवला. महाभारत कोठे आणि दूरचित्रवाणीची मालिका कोठे! योग्यतेची तुलना मी करीत नाही. पद्धतीची करतो आहे.

कारण येथेही हस्तलिखितांसारख्या अनेक प्रती असतात. चित्रपटगृहात फिरलेली ३५ मिलिमीटरची छपाई-प्रत, लेझर डिस्क, व्हिडिओ कॅसेट, जपानी डीव्हीडी, अमेरिकी डीव्हीडी, नवी ब्ल्यू-रे. प्रत्येकीचा गुण वेगळा आणि दोष वेगळा. एकीत रेषा शाबूत, पण रंग उडालेले. दुसरीत रंग खरे, पण चित्र धूसर. तिसरीत चित्र उत्तम, पण मूळ ध्वनिपटाऐवजी नवे संगीत घातलेले. चाहते या सर्व गोळा करतात आणि चौकट-चौकट ताडतात. जपानी व अमेरिकी दूरचित्रवाणीचा वेग सेकंदाला सुमारे तीस चित्रांचा. त्यासाठी फिल्मच्या चोवीस चौकटी विशिष्ट क्रमाने चिरून वाढवलेल्या असतात. तो क्रम उलगडून मूळच्या चोवीस परत मिळवायच्या, हे त्यांचे पहिले काम. एव्हीसिंथसारख्या विनामूल्य प्रणालींच्या आधारे हे केले जाते आणि एका दृश्यासाठी आठवडा गेला तरी कोणी कुरकुरत नाही.

लेझर डिस्कचा उल्लेख केला, तिच्याविषयी थोडे अधिक बोलतो, कारण तो माझ्या आवडीचा प्रांत आहे. ग्रामोफोनच्या तबकडीएवढी, तीस सेंटिमीटर व्यासाची, चकचकीत तबकडी. आपल्याकडे ती फारशी आली नाही. जपानमध्ये मात्र १९८०च्या आणि ९०च्या दशकांत असंख्य ॲनिमे तीवर निघाले. ती लेझरने वाचली जाते म्हणून ती अंकीय असेल, असा समज होतो. पण तिच्यावरील चित्रसंकेत जुन्या पद्धतीचा, अखंड लहरींचाच असतो. पायोनियर कंपनीने २००९ साली तिचे शेवटचे यंत्र बनविले. तबकडीच्या दोन थरांमधला डिंक बिघडला की आतले ॲल्युमिनियम खराब होते आणि चित्रात चांदण्यासारखे ठिपके पडू लागतात. म्हणजे यंत्रही म्हातारे आणि तबकडीही आजारी.

आता गंमत पाहा. इंग्लंडमध्ये १०८६ साली विल्यम राजाने जमिनीची मोजणी करवून घेतली. त्या दप्तराला डूम्सडे बुक म्हणतात. त्याला नऊशे वर्षे झाली म्हणून १९८६ मध्ये बीबीसीने लाखो नागरिकांच्या साहाय्याने नव्या ब्रिटनचे दप्तर लेझर डिस्कवर तयार केले. पुढे पंधरा-वीस वर्षांतच ते वाचणारी यंत्रे दुर्मीळ झाली. नऊशे वर्षांपूर्वीचे चामड्यावरचे पुस्तक आजही वाचता येते आणि १९८६ चे दप्तर वाचण्यासाठी धावपळ करावी लागली! त्या धावपळीतून काही हौशी अभियंत्यांनी एक छोटे उपकरण बनविले. यंत्रातील जुनाट मंडलांतून चित्र घेण्याऐवजी हे उपकरण लेझरने वाचलेला कच्चा संकेतच थेट पकडते, सेकंदाला चार कोटी नमुने या गतीने, आणि त्याचे चित्रात रूपांतर पुढे संगणक सावकाश करतो. त्याची रचना सर्वांना खुली आहे. ॲनिमेच्या चाहत्यांनी ते उचलले. एकाच तबकडीच्या चार-पाच प्रती अशा रीतीने वाचायच्या आणि एकीत जेथे ठिपका पडला असेल तेथे दुसरीतला शाबूत तुकडा बसवायचा. जपानी कार्टून वाचविणारे साधन इंग्लंडच्या राजाच्या दप्तरातून आले, असे म्हणायला हरकत नाही.

रंगांचा प्रश्न सर्वांत अवघड. खरा रंग कोणता, हे ठरविणार कोण? एखाद्याकडे मूळ सेल असतो. तो उजेडात धरून तो म्हणतो, बघा, झगा असा निळा आहे. पण हा पुरावा निर्णायक नाही, कारण फिल्मवर उतरताना रंग बदलतो, हे रंगकाराला ठाऊक असे आणि तो पडद्यावर काय दिसेल त्याचा विचार करूनच रंग निवडी. छपाई-प्रत पाहावी, तर जुन्या प्रतींतील निळसर द्रव्य आधी विरते आणि सारे चित्र गुलाबी होऊन जाते. ॲसिटेटही टिकत नाही. त्याला आंबट, शिरक्यासारखा वास येऊ लागला की त्याची अखेर जवळ आली असे समजावे. या प्रश्नावर चाहत्यांत भांडणे होतात आणि ती आपल्या संगीत मंडळांतील घराण्यांच्या भांडणांइतकीच कडवी असतात.

कधी स्वतः कर्ताच चित्र बदलतो. ‘घोस्ट इन द शेल’ हा मामोरू ओशी यांचा १९९५ चा गाजलेला चित्रपट. २००८ मध्ये त्यांनीच त्याची नवी आवृत्ती काढली. काही दृश्ये संगणकावर नव्याने केली, चित्रपटभर असलेली हिरवी छटा नारिंगीकडे नेली. तो त्यांचा अधिकार होता. कवीने आपली कविता पुढच्या आवृत्तीत सुधारावी, तसे. माझे म्हणणे एवढेच की पहिली आवृत्ती वाचनालयातून काढून टाकू नये. आणि त्या चित्रपटाच्या बाबतीत ती काढली गेलेली नाही.

गेल्या काही वर्षांत एक नवा मोह आला आहे. कृत्रिम बुद्धिमत्तेच्या प्रणाली धूसर चित्र क्षणात धारदार करून देतात. ज्या मालिका १९९०च्या दशकाच्या अखेरीपासून पुढची काही वर्षे थेट संगणकावर, तेव्हाच्या दूरचित्रवाणीच्या मोजमापात तयार झाल्या, त्यांना मुळात फिल्मच नाही. पुन्हा स्कॅन करायला काही उरलेलेच नाही. तेथे हा मोह मला समजतो. पण प्रणाली नाहीशी झालेली रेषा शोधून आणत नाही, तेथे कोणती असावी याचा अंदाज बांधते. अंदाज सुबक असतो. आमच्या छायाचित्रकाराचाही सुबकच होता.

आता एका गैरसोयीच्या मुद्द्याकडे येतो, कारण समोर विधिज्ञ मंडळी बसलेली दिसतात. हे सारे कायदेशीर आहे का? बहुतांशी नाही. चित्रपटाचा स्वामित्व हक्क आपल्याकडे प्रकाशनानंतर साठ वर्षे आणि जपानमध्ये सत्तर वर्षे असतो. स्वतःच्या तबकडीवर घरी काम करणे एक आणि ती सुधारलेली प्रत परवानगीवाचून वाटणे वेगळे. वाटणे हा हक्कभंग आहे आणि चाहत्यांच्या निष्ठेमुळे तो पुसला जात नाही, हे मी माझ्या भाच्याला अनेकदा सुनावले आहे. अनेक गट आपल्या परीने एक मर्यादा पाळतात: चांगली अधिकृत आवृत्ती उपलब्ध असेल तर तीच विकत घ्या, असे ते सांगतात. हे पुरेसे आहे का? कायद्याला नाही. पण दुसरी बाजूही माझ्या मनातून जात नाही. हक्क ज्याच्याकडे आहे तो जपत नाही आणि जो जपतो त्याच्याकडे हक्क नाही, अशी अवस्था असेल तर साठ वर्षांनी, हक्क संपेल त्या दिवशी, हाती काय येणार? या प्रश्नाचे समाधानकारक उत्तर मला अजून सापडलेले नाही.

जपानला स्वतःला या हानीचा अनुभव आहे. १९२३ चा भूकंप आणि त्यानंतरचे महायुद्ध यांत तेथील जुने चित्रपट मोठ्या संख्येने नष्ट झाले. १९१७ सालचा ‘नामाकुरा गाताना’, बोथट तलवार घेणाऱ्या सामुराईचा काही मिनिटांचा विनोदी पट, हरवलेला मानला जात होता. एका चित्रपट-इतिहासकाराला तो ओसाकाच्या जुन्या वस्तूंच्या बाजारात सापडला आणि २००८ मध्ये ही वार्ता जाहीर झाली. १९४५ चा ‘मोमोतारो’, जपानचा पहिला पूर्ण लांबीचा ॲनिमेशनपट, युद्धप्रचाराचा असल्यामुळे नष्ट केला गेला असे सारे समजत होते. १९८२ मध्ये त्याची निगेटिव्ह निर्मात्या शोचिकू कंपनीच्याच गोदामात निघाली. तरुण तेझुकांनी तो १९४५ मध्येच पाहिला होता आणि आपणही असे काही करावे हे त्यांना तेथे सुचले, असे ते सांगत. त्या पटातला प्रचार कोणाला रुचो वा न रुचो, तो नसता तर ही परंपरा कोठून निघाली हे दिसले नसते.

आणि आता आपल्या घरची गोष्ट. युगो साको हे जपानी माहितीपटकार १९८३ मध्ये प्रा. बी. बी. लाल यांच्या उत्खननावरील माहितीपटासाठी भारतात आले. येथे रामकथेने त्यांना असे वेधून घेतले की जपानी भाषेतील रामायणाच्या दहा आवृत्त्या त्यांनी वाचून काढल्या. वृत्तपत्रातील एका बातमीवरून गैरसमज होऊन विश्व हिंदू परिषदेने जपानी दूतावासाकडे निषेध नोंदविला होता. तो गैरसमज पुढे दूर झाला आणि ॲनिमेशनपटाची कल्पना साको यांनी परिषदेपुढेही मांडली. राम हा देव आहे, त्याची भूमिका हाडामांसाच्या नटाने करण्यापेक्षा तो चित्रातूनच दाखवावा, असे त्यांचे मत होते. शासनाने, विषय नाजूक आहे म्हणून, साहाय्य नाकारले. मग सारे काम जपानमध्ये झाले. भारतीय ॲनिमेशनचे जनक मानले जाणारे राम मोहन आणि कोइची सासाकी हे सहदिग्दर्शक, संगीत वनराज भाटिया यांचे, संस्कृत गीते वसंत देव यांची. धोतर कसे नेसतात, मूल वडीलधाऱ्यांच्या पाया पडते तेव्हा हात कोठे असतो, हे भारतीय कलावंतांनी जपानी चित्रकारांना शिकविले. सुमारे साडेचारशे कलावंतांनी एक लाखाच्या आसपास सेल हाताने तयार केले.

जानेवारी १९९३ मध्ये दिल्लीच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात तो दाखविला गेला. त्या काळातील अस्वस्थतेत त्याचे सर्वदूर प्रदर्शन मात्र होऊ शकले नाही. अमेरिकेत सव्वादोन तासांचा तो पट दीड तासावर आणून दाखविला गेला. भारतीय मुलांपर्यंत तो पोहोचला दूरचित्रवाणीवरून, अरुण गोविल आणि अमरीश पुरी यांच्या हिंदी आवाजांत. कित्येक वर्षे आपण जो पाहिला, तो त्या प्रसारणांच्या धूसर, रंग उडालेल्या प्रतींतून. युगो साको २०१२ मध्ये गेले, राम मोहन २०१९ मध्ये. २४ जानेवारी २०२५ रोजी, मूळ फिल्मवरून नव्याने तयार केलेल्या उच्च प्रतीत, तो अखेर आपल्या चित्रपटगृहांत आला. मी पत्नी आणि दोन नातवंडांसह गेलो होतो. समुद्रावर सेतू बांधला जात असताना पाण्यावरचा उजेड मी आयुष्यात प्रथमच पाहिला. आमच्या घरच्या संचावर तेथे करड्या रंगाचा पट्टा असे.

पण हिंदी आवाज नवे होते. ते वाईट नव्हते. माझा भाचा मात्र बाहेर पडताना गप्प होता. त्याने लहानपणी ऐकलेला रावण तो नव्हता. त्या जुन्या हिंदी ध्वनिपटासाठी आता लोक घरोघरच्या कॅसेटी धुंडाळत आहेत. मोगलीच्या मालिकेच्या हिंदी रूपासाठीही असेच चालू आहे.

आपल्याकडे जतनाचा इतिहास सांगण्यासारखा नाही. ‘आलम आरा’ची, १९३१ च्या पहिल्या भारतीय बोलपटाची, एकही प्रत उरलेली नाही. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात लागलेल्या आगीत राष्ट्रीय संग्रहालयाकडील नायट्रेट फिल्मची हजारो रिळे जळाली. तेव्हा जपानी चाहत्यांच्या कौतुकाने भरून जाऊन मी घरी गेलो आणि स्वतःच्या माळ्यावर चढलो. एका पेटीत बावीस कॅसेटी निघाल्या. कोकणातल्या दमटपणाने सहा-सातांच्या फितीवर पांढरी बुरशी आली होती. अशी कॅसेट यंत्रात घालू नका. बुरशी यंत्रातून पुढच्या कॅसेटीलाही लागते आणि फीत तुटते. उभी ठेवा, कोरड्या कपाटात ठेवा, आणि तिच्यावरची चिठ्ठी काढू नका. बारा क्रमांकाच्या कॅसेटीवर माझ्या वडिलांच्या अक्षरात पेन्सिलीने ‘रामायण – कार्टून’ एवढेच लिहिलेले आहे. ते गेल्याला आता वीस वर्षे होतील.

ती कॅसेट भाच्याने एका परिचिताकडून त्या नव्या पद्धतीने, थेट संकेत पकडून, वाचून घेतली आहे. तिच्यात मधेच दोनदा वीज गेलेली आहे आणि एका जाहिरातीचा शेवट आहे. तो आम्ही कापलेला नाही. संयोजकांनी पडदा लावला आहे. सेतुबंधाचा तो दीड मिनिटांचा भाग आपण आता पाहू. प्रथम जसा आहे तसा, आणि मग कणपुसणी करून, म्हणजे वानरांच्या हातांतील बारीक रेषांचे काय होते ते दिसेल. मागच्या बाजूचे दिवे कोणी मालवावेत, ही विनंती.